मित्राची फिल्म कर, पण तिच्यासाठी नोकरी सोडू नकोस

पत्र: ताई, मी २८ वर्षांचा, मूळचा साताऱ्याचा. साडेतीन वर्षं अंधेरीतल्या एका स्टुडिओत मालिकांचे एपिसोड एडिट करतोय. पगार ३८ हजार, सात तारखेला जमा होतो. कॉलेजातल्या एका मित्राने माण तालुक्यात त्याची पहिली मराठी फिल्म शूट केली आहे. टँकर ड्रायव्हरची गोष्ट आहे, ४१ तासांचं फुटेज आहे. तो म्हणतो, नोकरी सोड आणि तूच एडिट कर. एकूण ८० हजार देणार, त्यातले २० आता आणि बाकीचे सरकारी अनुदान आल्यावर. मला पुढे इंडिपेंडंट एडिटर म्हणूनच काम करायचंय. पण मी एफटीआयआयचा (पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा) नाही, माझ्याकडे धड मशीन नाही (हप्त्यावर मॅक घेऊ का?), आणि एसटीतून रिटायर झालेल्या बाबांचं म्हणणं एकच, हातचं सोडून पळत्याच्या पाठीमागे लागू नकोस. काय करू? नाव छापू नका, स्टुडिओत सगळे वाचतात.

उत्तर: नाव छापत नाही. स्टुडिओत वाचत असतील त्यांना माझाही नमस्कार.

फिल्म जरूर कर. नोकरी तिच्यासाठी सोडू नकोस. दोन्ही कसं जमवायचं ते सांगतेच, पण आधी मित्राने सांगितलेला आकडा कागदावर मांडून बघू. पत्रावरून तरी तू तो मांडलेला दिसत नाही.

४१ तासांचं फुटेज बघायला ४१ तास लागतात असं फक्त निर्मात्यांना वाटतं. थांबत, नोंदी करत, एकेका सीनचे सगळे टेक लागोपाठ बघत गेलास तर दोन आठवडे कुठे गेले नाहीत. हे उरकून टाकणारा एडिटर पुढे दोन महिने ‘तो टेक कुठे होता रे’ करत बसतो. मग लाइनअपला, म्हणजे सगळे सीन क्रमाने जोडायला, महिना. पहिली लाइनअप अडीच-तीन तासांची होणार आणि ती बघून तुझा मित्र खचणार. सगळेच खचतात. त्या दिवशी त्याला चहा पाजून घरी पाठव, चर्चा करू नकोस. त्यानंतर तो रोज तुझ्या शेजारी येऊन बसणार, त्याचे दीड-दोन महिने. मग बाहेरच्या चार जणांना दाखवणं, त्यावरून पुन्हा कापाकापी, राहिलेल्या शॉटचं एखादं पॅच शूट, गाणं असलं तर त्याची वाट बघणं. पिक्चर लॉक झालं, म्हणजे कट पक्का ठरला, की साऊंडला आणि डीआयला (रंग जुळवणाऱ्यांना) सगळं काढून देणं आणि त्यांच्या शंका निस्तरणं. सुरळीत गेलं तर पाच महिने. त्यात प्रत्यक्ष बसायचे दिवस ८० च्या आसपास.

८० हजार भागिले पाच म्हणजे महिना १६ हजार. त्यातले खात्रीचे २०, म्हणजे महिना चार हजार. अंधेरीत चार हजारांत कॉट बेसिसवरही कुणी ठेवून घेत नाही.

आणि हे सुरळीत गेलं तरचं गणित झालं. तुझ्या मालिकेत तयार एपिसोडांची बँक कितीही कमी असो, संध्याकाळी टेलिकास्ट असतो. एपिसोड चॅनलला जायची वेळ झाली की तुझा कट संपला, मनासारखा झाला असो वा नसो. साडेतीन वर्षं तुझ्या कामाचा शेवट चॅनल ठरवतंय. स्वतंत्र फिल्मला टेलिकास्ट नसतो. ती पैसे संपले की थांबते, फेस्टिव्हलची तारीख जवळ आली की रात्री दोनला उठून बसते, तिकडून नकार आला की टाइमलाइन पुन्हा उघडली जाते. माझ्या ओळखीचे काही फार चांगले एडिटर या लाइनमधून बाहेर पडले. हात कच्चा होता म्हणावं तर तसंही नव्हतं. एकाच फिल्मच्या सातव्या-आठव्या व्हर्जनमध्ये अडकून पडले आणि तोवर पुढची कामं दुसऱ्यांकडे गेली. कट कधी संपणार हे सुरुवातीलाच ठरवून घेता येणं, यावर स्वतंत्र एडिटरचं सगळं करिअर उभं असतं असं माझं मत आहे. सॉफ्टवेअर वगैरे तुला येतंच.

मी एका फिल्मचं संकलन केलं होतं. लॉक झालं, साऊंडवाल्याने फोलीसुद्धा (पावलं, भांडी असले आवाज) भरली, आणि मध्येच एक नवा पार्टनर आला. त्याला फिल्म चौदा मिनिटांनी छोटी हवी होती. त्याच्या मते हे माझं दोन दिवसांचं काम. प्रत्यक्षात साऊंडचे सगळे ट्रॅक सरकले, संगीतकाराचे दोन पीस ऐन भरात तुटले, डीआयला कन्फॉर्म (कटप्रमाणे मूळ फुटेज जुळवणं) नव्याने करावा लागला. लॉकनंतरच्या बदलांचा दर माझ्या करारात लिहिलेला होता, म्हणून मला पैसे मिळाले. साऊंडवाल्याच्या करारात नव्हता. त्या पार्टनरचं नाव काढलं की तो अजून हातातला कप खाली ठेवतो.

तेव्हा मित्राशी एकूण रकमेवर घासाघीस करू नकोस. दिवसांवर बोल. तुझा पगार २६ दिवसांनी भागलास तर तुझा आजचा दिवस १,४६० रुपयांना पडतो. ८० हजारांत असे जवळजवळ ५५ दिवस बसतात. ते त्याला दे. आठवड्याला तीन दिवस धरले तर सव्वाचार महिने होतात. ५५ च्या पुढे दिवसाला १,५००, आणि तेही आठवड्याच्या आठवड्याला. मित्र म्हणून दर कमी करावासा वाटला तर कर बापडा, पण दिवस मोजणं सोडू नकोस. याचा एक फायदा पैशापलीकडचा आहे. दिवस मोजलेले असले की दिग्दर्शक तयारी करून येतो. नसले की तो तुझ्या शेजारी बसून फोनवर दुसऱ्या फिल्मची कास्टिंग करतो.

आता अनुदानाबद्दल. राज्य सरकारचं अनुदान निर्मात्याला मिळतं. आधी सेन्सॉर सर्टिफिकेट, मग अर्ज, मग समिती फिल्म बघणार, मग दर्जा ठरणार, मग पैसे. यातली एकही पायरी तुझ्या हातात नाही, आणि फिल्म त्या दर्जात बसली नाही तर? कॅमेऱ्याच्या भाड्याला तुझ्या मित्राने ‘अनुदान आल्यावर देतो’ म्हटलं होतं का, विचार त्याला. जेवणवाल्याला म्हटलं होतं का? शूटिंगला रोख लागते आणि पोस्टला भावना चालतात, हा आपल्याकडचा जुना रिवाज आहे. कारण एडिटपर्यंत येईतो पैसे संपलेले असतात आणि एडिटर हा सहसा मित्र असतो.

हप्ते असे माग: २० सुरू करताना, २० लाइनअप दाखवल्यावर, २५ फाइन कटला (लॉकच्या आधीच्या कटला), आणि शेवटचे १५ साऊंड-डीआयच्या फाइली हातातून जाण्याआधी. रफ कट पाठवशील तो चित्रावर टाइमकोड आणि ज्याला पाठवतोयस त्याचं नाव छापून पाठव. एक पथ्य पाळ. पैसे अडले म्हणून रशेस, म्हणजे मूळ फुटेज, अडवू नकोस, त्या निर्मात्याच्या आहेत. तू केलेलं काम, म्हणजे प्रोजेक्ट आणि टर्नओव्हर (साऊंड-डीआयला द्यायच्या फाइली), पैसे येईपर्यंत थांबवू शकतोस, आणि हे आधीच लिहिलेलं असलं की भांडण होत नाही. स्टॅम्प पेपरची गरज नाही. ईमेलवर अटी पाठव आणि ‘मान्य’ असं त्याचं उत्तर घे.

आणि उद्यम नोंदणी, म्हणजे लहान उद्योगांची सरकारी नोंदणी, कर. आजच कर, ऑनलाइन आहे, फुकट आहे, आधार आणि पॅन लागतं. एजंटला पैसे देऊ नकोस. २००६ च्या लघुउद्योग कायद्याप्रमाणे नोंदणी असलेल्या सूक्ष्म आणि लघु उद्योगाचे पैसे लेखी करार असेल तर जास्तीत जास्त ४५ दिवसांत, नसेल तर १५ दिवसांत द्यावे लागतात. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट व्याज लागतं. म्हणजे ‘अनुदान आल्यावर’ ही अट कायद्यातच बसत नाही. त्यात आणखी एक मेख आहे. मुदत उलटली तर निर्मात्याला तो खर्च पैसे प्रत्यक्ष दिले त्याच वर्षी उत्पन्नातून वजा करता येतो, त्याआधी नाही. त्यामुळे बिलावर उद्यम नंबर दिसला की निर्मात्याचा सीएच त्याच्या मागे लागतो. अशा थकलेल्या पैशांसाठी सरकारी परिषदेकडे तक्रार करायची सोय आहे, पण मित्राच्या बाबतीत तुझ्याच्याने ती होणार नाही हे मलाही कळतं. नोंदणी मात्र काम घेण्याआधीची असली पाहिजे, नंतर केलेली मागच्या बिलांना उपयोगी पडत नाही.

आता नोकरी. मालकाशी बोलून पगारावरून शिफ्टवर ये. महिन्याला बारा-तेरा शिफ्ट देतो म्हण. मालिकांच्या स्टुडिओत एक एडिटर आजारी पडला की रात्री अकराला फोनाफोनी सुरू होते हे तू बघितलेलं आहेस. तुमचा प्रोजेक्ट, पात्रं, चॅनलच्या ईपीची (एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसरची) तऱ्हा, कुठला प्रीकॅप (पुढच्या भागाची झलक) पास होतो आणि कुठला परत येतो, हे सगळं ठाऊक असलेला माणूस महिन्याचे निम्मे दिवस हक्काने मिळत असेल तर शहाणा मालक नाही म्हणत नाही. शिफ्टचा दर पगाराच्या रोजापेक्षा चढा माग, कारण पीएफ आणि सुट्ट्या तू सोडतोयस. मालक नाहीच म्हणाला तर दुसऱ्या स्टुडिओत विचार. कुठेच जमलं नाही तर नोकरी सांभाळून रविवारी आणि रात्री काय होईल ते कर, आणि मित्राला तसं सांग. आठ महिने लागतील. फिल्म कुठे पळून जात नाही.

हे सगळं ऐकून तुला वाटेल, मग ताई ही फिल्म कर तरी का म्हणतेय.

मित्राची आहे म्हणूनच. रेणू सलुजा यांचं उदाहरण घे. एफटीआयआयमधून बाहेर पडल्यावर त्यांनी ज्यांच्या फिल्म एडिट केल्या ते बरेचसे त्यांच्याच पिढीचे, बरोबर धडपडणारे लोक होते. कुंदन शाह, विधू विनोद चोप्रा, सुधीर मिश्रा. यातल्या कुणाचंही तेव्हा फारसं नाव नव्हतं. पुढे ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ यांच्या संकलनासाठी त्यांना चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. २००० साली त्या गेल्या, पण त्यांनी कापलेल्या फिल्म अजून संकलनाच्या वर्गांत लावून बघतात. एडिटरला मोठा दिग्दर्शक बोलावत नाही, त्याचा एडिटर ठरलेला असतो. एडिटर वाढतो तो बरोबरच्या माणसासोबत. म्हणून मानधनाइतकाच महत्त्वाचा प्रश्न हा, की हा मित्र दुसरी फिल्म करेल असा माणूस आहे का. भांडण झाल्यावर दुसऱ्या दिवशी वेळेवर येतो का? स्वतःच्या आवडत्या शॉटबद्दल ‘नसला तर काय बिघडतं’ असं तुझं ऐकून घेतो का? कॉलेजपासून ओळखतोस, उत्तर तुला ठाऊक असणार. हो असेल तर ८० हजारांत घाटा नाही. नाही असेल तर दोन लाखांतही आहे.

मालिकांच्या कामाला नाक मुरडू नकोस. भिकार कव्हरेजमधून सीन उभा करणं, कंटिन्युइटीची चूक लपवणं, रोज ठरलेल्या मिनिटांचा माल देणं, हे तिथेच शिकतात. संस्थेतून आलेल्या मुलांना याच गोष्टी सुरुवातीला जड जातात. पण एक सवय तुला मोडावी लागेल. मालिकेत संवाद संपला की कट, मग तीन चेहरे, मग म्युझिक. तू हे बोटांनी करतोस, डोक्याने करत नाहीस.

मी तुमचं फुटेज पाहिलेलं नाही, पण टँकरची फिल्म आहे म्हणजे पाणी सोडण्याचा सीन असणारच. ड्रायव्हर उतरतो, पाइप जोडतो, बायका हंडे घेऊन उभ्या. तुझा मालिकेचा हात पाइप जोडला की चेहऱ्यांवर जाईल. जाऊ देऊ नकोस. व्हॉल्व्ह फिरवल्यावर पाणी लगेच पडत नाही. आधी तो चपटा पाइप टँकरच्या बाजूने फुगायला लागतो, जमिनीवरून एकदा उसळतो, ताठ होतो, आणि मग तोंडातून आधी हवा आणि थोडा गाळ येतो. तेवढ्या वेळात कुणी बोलत नाही. बायकांचं उभं राहणं प्रेक्षकाला कळायचं असेल तर ते याच सेकंदांत कळेल. आधी कापलंस तर पाणी आलं एवढीच माहिती उरते. ‘कोर्ट’ या मराठी फिल्मचं संकलन रिखव देसाईंचं, ती पुन्हा बघ. शेवटाकडे कोर्टाला सुट्टी लागते, दिवे एकेक बंद होतात आणि पडदा काळा राहतो. प्रेक्षक चपला शोधायला लागतो. फिल्म मात्र अजून बाकी आहे. काळा किती वेळ ठेवायचा हे तिथे कुणीतरी बसून ठरवलेलं आहे.

लाइनअप संगीताशिवाय कर. तात्पुरतं म्हणून दुसऱ्या फिल्मचा तुकडा लावलास की दिग्दर्शक आठवडाभरात त्याच्या प्रेमात पडतो, आणि मग तुमच्या संगीतकाराने काहीही आणलं तरी ‘ते आधीचं बरं होतं’. शिवाय संगीताखाली ढिला सीन घट्ट वाटतो. मालिकांत आपण हेच करतो ना?

आणि रफ कट दाखवशील तेव्हा मागे बस. लोक नंतर काय बोलतात ते लिहून घे, पण त्यावर फार जाऊ नकोस. बघताना त्यांच्या माना बघ. कुठे खुर्चीत सरकतात, कुठे फोन उजळतो, कुठे कुणीतरी शेजाऱ्याकडे बघतं. ते मिनिट टिपून ठेव. ढिली जागा बहुतेक वेळा त्या मिनिटाच्या थोडी आधी असते. शक्य झालं तर रफ कट गोव्याच्या फिल्म बाजारला (आता वेव्हज फिल्म बाजार) पाठवा. सरकारची एनएफडीसी (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ) २००७ पासून तो भरवते, नोव्हेंबरमध्ये. तिथल्या वर्क-इन-प्रोग्रेस लॅबमध्ये निवड झाली तर बाहेरचे जाणते लोक कच्ची फिल्म बघून स्पष्ट बोलतात. निवड नाही झाली तरी अर्जाच्या तारखेने तुमचा कट पुढे सरकेल. टेलिकास्ट नसलेल्या माणसाला कुठलीही तारीख बरी.

मशीन. हप्त्यावर मॅक घेऊ नकोस. ४१ तासांच्या १०८० च्या प्रोरेस प्रॉक्सी (एडिटपुरत्या हलक्या प्रती) बनवल्यास तर तासाला १६-१७ जीबी धर, सगळं मिळून ७०० जीबीच्या आत. एक टीबीची बरी एसएसडी आणि मित्राच्या किंवा भाड्याच्या मशीनवर एकदा प्रॉक्सी काढून घेणं, बस. दा विंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती या फिल्मला पुरते. ‘पॅरासाइट’ ही कोरियन फिल्म ज्या फायनल कट प्रो ७ वर एडिट झाली ते सॉफ्टवेअर ॲपलने २०११ मध्येच बंद केलं होतं. फिल्म २०१९ ची, आणि संकलनासाठी ऑस्करच्या यादीत होती. तुझे पैसे हार्ड डिस्कवर घाल. मूळ फुटेजच्या तीन प्रती हव्यात आणि त्यातली एक निर्मात्याच्या घरी. तीही त्याच्या पैशाने. पहिल्याच आठवड्यात एक सीन अर्धाकच्चा कापून साऊंडला आणि डीआयला पाठवून बघ. फ्रेमरेटचा घोळ, फाइलींच्या नावांची गडबड, काय असेल ते तेव्हाच बाहेर येऊ दे. लॉकनंतर हे उघड झालं की तुझे ते मोजलेले दिवस यातच जातात.

एफटीआयआय नाही म्हणून रडू नकोस. तिथल्या तीन वर्षांचं खरं मोल बरोबरच्या बॅचमध्ये असतं, आणि तुझ्याकडे एक मित्र आहे ज्याने फिल्म शूट करून दाखवली आहे. पुण्याला त्यांचे छोटे अभ्यासक्रम असतात, हवा तर पुढे एखादा कर. काळजी करायचीच असेल तर दुसऱ्या गोष्टीची कर. आता दिग्दर्शक स्वतःच एडिट करायला लागलेत. चैतन्य ताम्हाणेने ‘द डिसायपल’ स्वतः एडिट केली, शॉन बेकरला तर ‘अनोरा’साठी संकलनाचं ऑस्कर मिळालं. एआयचंही विचारशील म्हणून सांगते, सिंक करणं, संवाद टाइप करणं, टेक लावणं ही कामं मशीनकडे चाललीच आहेत, आणि त्याचा फटका असिस्टंट म्हणून शिकायला येणाऱ्या मुलांना बसतोय. तू त्या पायरीच्या वर आलेला आहेस.

पैशाचं थोडं, कारण हे कुणी सांगत नाही. कॉपीराइट कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार, संगीतकार, लेखक यांना रॉयल्टीचा हक्क मिळाला. एडिटरला नाही. फिल्म पुढे कितीही चालो, तुझे पैसे तेच जे तू ठरवून घेतलेस. त्यामुळे ‘नफ्यात टक्का देतो’ याला हसून सोडून दे. फीमधून दहा टक्के टीडीएस कापला तर तो पॅनवर जमा झाला का बघ. करखात्याच्या यादीत एडिटर ‘फिल्म आर्टिस्ट’मध्ये मोडतो, त्यामुळे मिळकतीच्या निम्मी रक्कम उत्पन्न धरून विवरणपत्र भरायची सोपी पद्धत तुला चालते. दरवर्षी भर. उद्या घराचं कर्ज मागायला गेलास की बँक पगाराची स्लिप मागणार नाही, तीन वर्षांची विवरणपत्रं मागेल. जीएसटीची चिंता २० लाख ओलांडशील तेव्हा कर.

श्रेयनामावलीत ‘संकलन’ आणि तुझं एकट्याचं नाव, वेगळी पाटी, हे त्याच ईमेलमध्ये लिही. उद्या नवा पार्टनर दुसरा एडिटर घेऊन आला तरी तुझं नाव राहील हेही लिही. आणि युनियनचं कार्ड काढ. मुंबईत असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्स आहे, सिनेकामगारांच्या फेडरेशनशी जोडलेली. मराठीत काम करणार असशील तर कोल्हापूरच्या चित्रपट महामंडळाकडेही चौकशी कर. अमेरिकन एडिटर थेल्मा स्कूनमेकरने दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसीची पहिली फीचर १९६७ मध्ये एडिट केली आणि त्याची पुढची फीचर तिच्या नावावर लागली ती थेट १९८० ची ‘रेजिंग बुल’. मधली कित्येक वर्षं तिला युनियनमध्ये घेत नव्हते. आपल्याकडे दार इतकं घट्ट नाही, फी भरायचा कंटाळा तेवढा आड येतो.

बाबांचं म्हणणं धुडकावू नकोस, त्यात तथ्य आहे. सहा महिन्यांचा खर्च बाजूला पडेपर्यंत पूर्ण फ्रीलान्स होऊ नकोस. पीएफ काढून खाऊ नकोस. स्टुडिओचा विमा असेल तर तो सुटायच्या आत स्वतःचा आरोग्य विमा घे. दिवसाचे बारा तास खुर्चीत बसणाऱ्यांच्या पाठी पस्तिशीत बोलायला लागतात. आणि बाबांना फिल्मच्या गप्पा सांगू नकोस, महिन्याच्या शिफ्टचा आणि हप्त्यांचा कागद दाखव. एसटीत आयुष्य काढलेल्या माणसाला वेळापत्रक कळतं.

मित्राला काय लिहायचं याचा मसुदा देते:

‘फिल्म मी करतोय. ८० हजारांत ५५ दिवस, आठवड्याला तीन. हप्ते २०, २०, २५, १५, शेवटचा टर्नओव्हरच्या आधी. अनुदानाशी याचा संबंध नको. ५५ दिवसांनंतर आणि लॉकनंतरच्या बदलांना दिवसाला १,५००. संकलन म्हणून एकट्याचं नाव, पुढे कुणी आलं तरी. मान्य असेल तर याच ईमेलला उत्तर दे. पहिला हप्ता जमा झाला की सोमवारी ड्राइव्ह घेऊन ये.’

हे असंच पाठव, ईमेलने. फोन करू नकोस. फोनवर तू त्याला हो म्हणशील.